करार संपल्यावरचा खेळाडू



अमेरिकन फुटबॉल हा आपल्या मातीतला खेळ नाही. त्याचे नियम आपल्यापैकी फार थोड्यांना ठाऊक असतील आणि ते ठाऊक नसले तरी आजच्या विषयाला बाध येणार नाही. या स्मृतिव्याख्यानासाठी मी जॉन मॅकी या खेळाडूचे आयुष्य निवडले आहे, कारण त्यात दोन लढे आहेत. पहिला ते स्वतः लढले आणि जिंकले. खेळाडू हा मालकाच्या दावणीला बांधलेला नसून मोबदला घेऊन श्रम विकणारा कामगार आहे, हे त्यांच्या नावाच्या खटल्याने अमेरिकेच्या न्यायालयात सिद्ध झाले. दुसरा लढा त्यांच्या वतीने त्यांच्या पत्नीला लढावा लागला, कारण तोवर मॅकी यांना आपण कोण होतो हेही नीट आठवत नव्हते. पहिल्या लढ्यातून हक्क मिळाला. दुसऱ्यातून मदत मिळाली. या दोन शब्दांमधले अंतर हाच माझा विषय आहे. खेळाडूला कामगार म्हणून ओळखणारी व्यवस्था, तो खेळायचा थांबला की त्याला ओळखेनाशी होते. आणि ज्या कामाची झीज काम संपल्यावर दिसते, त्या कामात हा दोष किरकोळ मानता येत नाही, असे माझे म्हणणे आहे.

मॅकी यांचा जन्म २४ सप्टेंबर १९४१ चा. वडील बाप्टिस्ट चर्चचे धर्मोपदेशक. न्यू यॉर्कजवळच्या लाँग आयलंडवर ते वाढले आणि सिरॅक्यूज विद्यापीठाकडून खेळले. तिथे त्यांचे खोलीतले सोबती होते एर्नी डेव्हिस, महाविद्यालयीन फुटबॉलमधली सर्वोच्च हाइझमन ट्रॉफी मिळवणारे पहिले कृष्णवर्णीय खेळाडू. डेव्हिस व्यावसायिक सामना खेळण्याआधीच मे १९६३ मध्ये रक्ताच्या कर्करोगाने गेले. त्याच वर्षी मॅकी बाल्टिमोर कोल्ट्स संघाकडून खेळू लागले. त्यांची जागा ‘टाइट एंड’ची. आक्रमण करणाऱ्या संघाच्या रांगेत, अंगाने थोराड गड्यांच्या टोकाला हा खेळाडू उभा राहतो. समोरच्याला अंगावर घेऊन रोखायचे आणि तसेच पुढे धावून चेंडूही झेलायचा, अशी दोन माणसांची कामे त्याच्या वाट्याला येतात. मॅकी यांच्या आधी या जागेवरचा गडी मुख्यतः रोखण्यापुरता असे. मॅकी यांनी आणि शिकागोच्या माइक डिटका यांनी तिचा अर्थ बदलला. १९६६ च्या हंगामात मॅकी यांनी नऊ वेळा चेंडू समोरच्या टोकाच्या रेषेपार नेला, म्हणजे नऊ टचडाउन केले, आणि त्यातले सहा पन्नास यार्डांहून लांबचे होते. चेंडू झेलल्यावर बाजूच्या रेषेकडे पळून धक्का टाळता येतो. मॅकी बहुधा तसे करत नसत. ते सरळ समोरच्या माणसांत घुसत, एकाला झटकत, दुसऱ्याला फरफटत नेत आणि तिसऱ्याच्या अंगावरून पुढे जात. प्रेक्षक उभे राहत ते हे पाहायला. दहा हंगामांत त्यांचा एकच सामना चुकला. ही नोंद त्यांच्या गौरवासाठी नेहमी सांगितली जाते. तिचा दुसरा अर्थ असा, की दहा हंगाम त्यांच्या डोक्याला जवळपास सुट्टीच मिळाली नाही.

त्यांचा सर्वांत गाजलेला झेल १७ जानेवारी १९७१ चा आहे. मायामीच्या ऑरेंज बोल मैदानावर पाचवी सुपर बोल, म्हणजे अजिंक्यपदाचा अंतिम सामना, समोर डॅलस काउबॉइज. कोल्ट्सचे क्वार्टरबॅक जॉनी युनायटस यांनी चेंडू फेकला तो आपल्याच संघातल्या एडी हिंटन यांच्यासाठी. चेंडू जरा उंच गेला आणि हिंटन यांच्या हातांना लागून उडाला. डॅलसचे मेल रेन्फ्रो मध्ये झेपावले आणि मग चेंडू आला मागे असलेल्या मॅकी यांच्या हातात. ते धावत सुटले. एकूण ७५ यार्डांचा टचडाउन झाला. त्या काळच्या नियमानुसार एकाच संघाच्या दोन खेळाडूंनी लागोपाठ चेंडूला स्पर्श केला तर तो झेल बाद ठरे. म्हणजे सारे काही रेन्फ्रो यांच्या बोटांची टोके चेंडूला लागली की नाही यावर होते. पंचांनी लागली असा निर्णय दिला. कोल्ट्स १६–१३ असे जिंकले, तेही शेवटची पाच सेकंदे उरली असताना मारलेल्या किकवर. पण मला या हंगामाची सुरुवात जास्त महत्त्वाची वाटते. जानेवारीत हा झेल घेणारा माणूस आदल्या जुलैमध्ये खेळाडूंच्या संपाचा पुढारी होता.

तो संप समजण्यासाठी त्या काळच्या खेळाडूचे खाते उघडून पाहावे लागते. महाविद्यालयातून आलेल्या खेळाडूला संघ निवडण्याची मुभा नव्हती. संघ त्याला ‘ड्राफ्ट’मध्ये पाळीपाळीने उचलत. हा लिलावही नव्हे, कारण लिलावात निदान दोन गिऱ्हाईक असतात. कराराची मुदत संपली तरी संघ कमी पगारावर त्याला आणखी एक वर्ष ठेवून घेऊ शके. ते वर्षही काढले की खेळाडू मोकळा, असे कागदावर होते. १९६२ मध्ये आर. सी. ओवेन्स असे मोकळे होऊन सॅन फ्रान्सिस्कोहून बाल्टिमोरला गेले आणि मालक सावध झाले. पुढच्याच वर्षी नियम आला, की मोकळा झालेला खेळाडू दुसऱ्या संघाने घेतला तर त्याने जुन्या संघाला भरपाई द्यावी. दोघांचे जमले नाही तर लीगचे, म्हणजे संघांच्या साखळीचे, कमिशनर पीट रोझेल आपल्या मर्जीने दुसऱ्या संघाचे खेळाडू किंवा निवडीचे हक्क उचलून पहिल्याला देतील, आणि तो निर्णय अखेरचा. किंमत किती बसेल हे आधी कळणार नाही असा सौदा कोण करेल? पुढे न्यायालयासमोर आकडे आले. १९६३ ते १९७४ या बारा वर्षांत १७६ खेळाडूंनी करार पूर्ण करून मोकळीक मिळवली. त्यांतल्या फक्त ३४ जणांना दुसऱ्या संघाने घेतले. त्यातही रोझेल यांना प्रत्यक्ष भरपाई ठरवावी लागली ती चारदा. नियम वापरण्याची वेळ क्वचितच आली, कारण त्याचा धाकच पुरेसा होता.

१९७० मध्ये दोन प्रतिस्पर्धी लीग एक झाल्या आणि एकत्रित खेळाडू संघटनेचे पहिले अध्यक्ष म्हणून मॅकी निवडून आले. त्या उन्हाळ्यात मालकांनी टाळेबंदी केली आणि खेळाडूंनी संप पुकारला. ऑगस्टच्या सुरुवातीला तडजोड झाली. नव्या खेळाडूला किमान ९,००० आणि जुन्याला १०,००० डॉलर, पेन्शनमध्ये वाढ, वाटाघाटीसाठी प्रतिनिधी नेमण्याची मुभा आणि निवृत्तिवेतन मंडळावर खेळाडूंचे प्रतिनिधी एवढे पदरात पडले. या मंडळाचे नाव लक्षात ठेवा. ते पुढे पुन्हा येणार आहे. रोझेल यांच्या नियमाला मात्र हात लागला नव्हता. १९७२ मध्ये मॅकी आणि इतर खेळाडूंनी मिनेसोटातल्या संघराज्य न्यायालयात मक्तेदारीविरोधी कायद्याखाली दावा लावला. बेसबॉलला त्या कायद्यातून सूट होती, फुटबॉलला नव्हती. तसे सर्वोच्च न्यायालयाने १९५७ मध्येच सांगितले होते. न्यायाधीश अर्ल लार्सन यांच्यासमोर खटला ५५ दिवस चालला आणि साक्षींची पाने ११,००० च्या वर गेली. १९७५ च्या अखेरीस निकाल खेळाडूंच्या बाजूने लागला. ऑक्टोबर १९७६ मध्ये अपील न्यायालयाने त्याची कायदेशीर कारणमीमांसा बदलली, पण निष्कर्ष कायम ठेवला. नियम नामवंतांइतकाच सामान्य खेळाडूलाही जखडतो, त्याला मुदत नाही, भरपाई ठरवण्याच्या पद्धतीत खेळाडूला कसले संरक्षण नाही आणि खऱ्याखुऱ्या सामूहिक वाटाघाटीतून तो आलेलाही नाही, असे न्यायालयाने म्हटले. तोवर मॅकी खेळातून बाहेर पडले होते. १९७२ चा एक हंगाम सॅन दिएगोकडून खेळून त्यांची कारकीर्द संपली होती.

मालकांचा युक्तिवाद इथे प्रामाणिकपणे मांडायला हवा, कारण तो अगदीच पोकळ नव्हता. फुटबॉलचा एक संघ दुसऱ्याचा धंदा बुडवून जगू शकत नाही. सामना रंगायला प्रतिस्पर्धी तुल्यबळ लागतो. खेळाडू मोकाट सुटले तर ते मोठ्या शहरांत, मोठ्या पैशाकडे जातील आणि लहान गावांचे संघ मरतील, ही भीती खरोखरची होती. या भीतीची परीक्षा पुढे झाली. १९७७ च्या करारात संघटनेने न्यायालयात मिळवलेले बरेचसे वाटाघाटीत देऊन टाकले. पुढची अनेक वर्षे दुसऱ्या संघात गेलेले खेळाडू बोटांवर मोजण्याइतके. मग १९८७ चा फसलेला संप, पुन्हा न्यायालय आणि अखेर १९९३ मध्ये खरी मोकळीक. त्या वर्षीचा सर्वांत मोठा मोकळा खेळाडू होता बचावपटू रेगी व्हाइट. तो न्यू यॉर्कला गेला नाही, लॉस एंजलिसलाही नाही. तो गेला विस्कॉन्सिनमधल्या ग्रीन बे या गावी, जे लीगमधले सर्वांत लहान गाव आहे. जानेवारी १९९७ मध्ये ग्रीन बेने सुपर बोल जिंकली. एका उदाहरणाने सिद्धान्त उभा राहत नाही, हे मान्य. १९९४ पासून संघांच्या एकूण पगारखर्चावर मर्यादा आली, तिचाही समतोल राखण्यात वाटा आहे. पण ती मर्यादा खेळाडूंशी बोलून ठरली. मॅकी यांची मागणी नेमकी एवढीच होती. खेळाला बंधने हवीत, पण ज्याला बांधायचे त्याला विचारून.

इथे गोष्ट थांबवली तर ती सुखान्त होते. १९९२ मध्ये मॅकी यांना फुटबॉलच्या मानाच्या हॉल ऑफ फेममध्ये स्थान मिळाले, तेही निवडीच्या पंधरा वर्षांच्या मुदतीतल्या शेवटच्या वर्षी. इतका उशीर संघटनेच्या कामामुळे झाला असे त्यांचे अनेक सहकारी मानत. मलाही दुसरे पटण्यासारखे कारण दिसत नाही. पुढे त्यांचे वागणे बदलू लागले. निदान झाले फ्रंटोटेम्पोरल डिमेन्शियाचे. या स्मृतिभ्रंशात स्मरणाच्या आधी पुष्कळदा स्वभाव जातो. सुपर बोलची आणि हॉल ऑफ फेमची अशा दोन अंगठ्या ते बोटांतून काढत नसत. विमानतळावर सुरक्षा तपासणीत त्या काढायला सांगितल्या तेव्हा त्यांनी नकार दिला आणि ते पुढे चालू लागले. अखेर रक्षकांनी त्यांना जमिनीवर पाडले. ज्याला पाडायला तीन-तीन गडी लागत त्या माणसाची ही अवस्था. पेन्शन तुटपुंजी होती आणि उपचारांचा खर्च डोंगराएवढा. त्यांच्या पत्नी सिल्व्हिया मॅकी यांनी पन्नाशी उलटल्यावर विमानसेविकेची नोकरी धरली, आरोग्यविमा मिळावा म्हणून. अपंगत्वाच्या भत्त्यासाठी पाहावे तर तेथे हा आजार फुटबॉलमुळे झाला असे मानायला लीगची व्यवस्था तयार नव्हती. ज्या मंडळावर १९७० मध्ये मॅकी यांनी खेळाडूंना जागा मिळवून दिली, त्याच मंडळाच्या कारभारातली ही गोष्ट आहे.

२००६ मध्ये सिल्व्हिया यांनी कमिशनर पॉल टॅग्लिआबू यांना पत्र लिहिले आणि घरातली दैना कसलाही आडपडदा न ठेवता सांगितली. त्यातून लीग आणि संघटना यांनी मिळून ‘८८ प्लॅन’ आखला. ८८ हा मॅकी यांच्या जर्सीचा क्रमांक. स्मृतिभ्रंश झालेल्या निवृत्त खेळाडूला शुश्रूषागृहात ठेवावे लागले तर वर्षाला ८८,००० डॉलरपर्यंत आणि घरी सांभाळले तर ५०,००० पर्यंत खर्च मिळू लागला. या योजनेने अनेक घरे सावरली, तिचे मोल कमी करण्याचा माझा हेतू नाही. पण ती कशी आली ते पाहा. एका बाईने मालकांच्या प्रमुखाला पत्र लिहिले आणि ते वाचून तो द्रवला. आजार खेळामुळे झाला हे कबूल न करता पैसे देण्याची सोय त्यात होती. ज्याची पत्नी असे पत्र लिहू शकत नाही, ज्याचा क्रमांक कोणाला आठवत नाही, त्याने काय करायचे?

आता सर्वांत वजनदार आक्षेप. खेळ आणि आजार यांचा संबंध खरोखर सिद्ध आहे का? मॅकी ६ जुलै २०११ रोजी वयाच्या ६९ व्या वर्षी वारले. मेंदू बोस्टन विद्यापीठाला दान केला होता. त्यात सीटीई, म्हणजे वारंवारच्या आघातांशी जोडला जाणारा मेंदूचा विकार, आढळला. २०१७ मध्ये त्याच संशोधकांनी लीगच्या माजी खेळाडूंचे १११ मेंदू तपासून ११० मध्ये हा विकार असल्याचे सांगितले. हा आकडा मोठ्या आवाजात सांगितला जातो, पण तो जपून वापरायला हवा. मेंदू दान करतात ती बहुतेक घरे आधीच लक्षणे पाहून हवालदिल झालेली असतात. त्यामुळे शंभरातल्या नव्याण्णव खेळाडूंना हा आजार होतो असा अर्थ काढणे चूक आहे, आणि संशोधकांनीही तसे म्हटलेले नाही. शंका इतकीच उरते की नेमके प्रमाण किती. संबंध आहे ही गोष्ट तर २०१६ मध्ये अमेरिकन काँग्रेसच्या समितीसमोर लीगच्याच वरिष्ठ अधिकाऱ्याने मान्य केली. त्याआधी १९९४ पासून लीगने नेमलेली वैद्यकीय समिती वर्षानुवर्षे धोका किरकोळ असल्याचे सांगत आली होती. माझा मुद्दा त्याहून साधा आहे. पुराव्याचे ओझे कोणी वाहायचे? कोळशाच्या खाणीत दहा वर्षे काम केलेल्या माणसाच्या फुप्फुसात काळी धूळ सापडली तर ती खाणीतूनच आली असे गृहीत धरायचे आणि उलट सिद्ध करणे दुसऱ्या पक्षावर सोपवायचे, असा कायदा अमेरिकेने १९६९ मध्येच केला होता. खाणकामगाराला जे गृहीतक मिळाले ते खेळाडूला मिळाले नाही. खेळाडूंच्या हजारो दाव्यांनंतर मोठी न्यायालयीन तडजोड झाली, तीतही काही काळ कृष्णवर्णीय खेळाडूची मूळ बौद्धिक क्षमता कमी धरून नुकसान मोजले जात होते. २०२१ मध्ये गवगवा झाल्यावर ते सोडून देण्यात आले. मोजपट्टी कोणाच्या हातात आहे यावर किती अवलंबून असते, हे यावरून कळावे.

हे लोक स्वखुशीने खेळले आणि भरपूर कमावते झाले, मग तक्रार कसली, असेही म्हटले जाते. आजच्या करारांचे आकडे ऐकून हे बोलणे सोपे वाटते. साठच्या दशकातला खेळाडू हंगाम संपला की दुसरे काम शोधत असे. खुद्द युनायटस सुरुवातीच्या वर्षांत बाल्टिमोरच्या पोलाद कारखान्यात राबले होते. स्वखुशीचे म्हणाल तर संमतीला माहितीचा आधार लागतो. गुडघा जाईल, खांदा निखळेल हे मॅकी यांना ठाऊक होते आणि त्याला त्यांची संमती होती. साठाव्या वर्षी स्वतःची ओळख जाईल हे त्यांना कोणी सांगितले नव्हते.

मग ज्या संघटनेचे ते पहिले अध्यक्ष होते तिने काय केले? तिची अडचण कायद्यातच आहे. १९७१ मध्ये एका काच कारखान्याच्या खटल्यात अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने ठरवले, की निवृत्त माणूस सामूहिक वाटाघाटीच्या कायद्याच्या अर्थाने ‘कामगार’ नाही. त्याच्या लाभांवर वाटाघाटी करायला मालक बांधील नाही. मॅकी यांच्या संपानंतरच्या वर्षी आलेला हा निकाल त्यांना पुढे असा नडला. संघटनेचे नेतृत्व पंचवीस वर्षे करणारे जीन अपशॉ, स्वतः माजी खेळाडू, निवृत्तांच्या तक्रारींवर उघडपणे म्हणाले की मी सध्याच्या खेळाडूंसाठी काम करतो, मला निवडतात ते. हे बोलणे कठोर होते, पण खोटे नव्हते. प्रातिनिधिक संस्थेत ज्याला मत नाही त्याची आठवण सणासुदीलाच होते. २०११ च्या करारात १९९३ पूर्वीच्या निवृत्तांसाठी ६२ कोटी डॉलरचा निधी ठेवला गेला आणि सरावातल्या टकरींवरही मर्यादा आली, ही चांगली पावले. तीही कोणाच्या तरी सदिच्छेने पडली. निवृत्तांच्या लाभांवर होणाऱ्या निर्णयांत निवृत्तांनी निवडलेले, मताधिकार असलेले प्रतिनिधी हवेत आणि ठरावीक हंगाम खेळलेल्याच्या मेंदूविकाराचा संबंध खेळाशी आहे हे कायद्याने गृहीत धरले जावे, या दोन गोष्टी मला किमान वाटतात. आजच्या खेळाडूच्या वाट्याचे पैसे त्यामुळे कमी होतील, हा आक्षेप खरा आहे. ते कमी व्हावेत. दहा वर्षांनी तोही निवृत्त असणार आहे.

मॅकी वारले त्या दिवशीही मालकांची टाळेबंदी चालू होती. ती त्यानंतर एकोणीस दिवसांनी उठली. पुढचा मोठा करार मार्च २०२० मध्ये झाला. त्यात हंगाम सतरा सामन्यांपर्यंत वाढवण्याची मुभा होती, जुन्या खेळाडूंच्या पेन्शनमध्ये वाढ होती आणि पूर्ण अपंगत्व आलेल्या निवृत्तांच्या भत्त्यातून सामाजिक सुरक्षेची सरकारी रक्कम वजा करण्याची तरतूदही होती. खेळाडूंनी मतदान केले. बाजूने १,०१९, विरोधात ९५९. साठ मतांनी करार मंजूर झाला. ज्यांचा भत्ता कापला जाणार होता त्या निवृत्त खेळाडूंना या मतदानात मत नव्हते.